बाकी उरू दे

प्रिय मैत्रिणी,

तुझी वही वाचली. गोष्टीसाठी तू रचलेल्या स्वप्नांच्या राज्यात बारा महिने, प्रत्येकी तीस दिवस, दर महिन्याला वेगळा रंग, आणि 360 ला वर्ष बिनबोभाट संपतं. वर विचारतेस, एवढं आखूनही पात्रं त्यात राहत का नाहीत? अगं, राहायला जागाच कुठे ठेवलीस? हिशेब चोख, बाकी शून्य.

आपलं पंचांग बघ. चांद्रवर्ष साधारण 354 दिवसांचं, सौरवर्ष 365 चं. दरवर्षी अकरा दिवस कमी पडतात, म्हणून दर अडीच-तीन वर्षांनी एक महिना घुसवावा लागतो. ज्या चांद्रमहिन्यात सूर्य रास बदलत नाही, तो अधिक. 2022 साली 31 ऑगस्टला आलेले गणपती 2023 च्या अधिक श्रावणामुळे 19 सप्टेंबरवर गेले, आणि लालबागपासून गिरगावपर्यंत सगळ्यांची गणितं पुढे सरकली. अधिक महिन्यात लग्नं थांबतात, हॉल रिकामे पडतात, बँडवाले बसून राहतात. घरात मात्र जावयाच्या वाणासाठी तेहतीस अनारसे! तीन दिवस तांदूळ भिजवायचे, रोज पाणी बदलायचं, गूळ घालून पीठ मुरवायचं, आणि एवढं करून तुपात सोडला की एखादा हसतोच, म्हणजे विरघळून पसरतो. न जुळलेल्या हिशेबावर एवढी माणसं कामाला लागतात. म्हणून सांगतो, बाकी उरू दे.

'पण स्वप्नात चंद्र कुठला?' असं म्हणशील. चंद्र कशाला हवा? झोपेचं एक आवर्तन साधारण नव्वद मिनिटांचं, रात्रीत अशी चार-पाच. पहिल्यात स्वप्नांचा टप्पा जेमतेम काही मिनिटांचा, पहाटेकडे तो लांबत जातो. म्हणजे एक रात्र हेच एक वर्ष धरलं, तर तुझ्या राज्यात वर्षारंभीचे महिने आखूड आणि शेवटचे ऐसपैस हवेत. तू सगळे एका मापाचे का कापलेस? आणि पहाटेची लोकल पकडणाऱ्याचा गजर वाजला, की तो शेवटचा ऐसपैस महिनाच गळून पडणार. आपल्याकडेही असा गळालेला महिना, क्षयमास, क्वचित येतो, 1982-83 मध्ये आला होता. तुझ्या राज्यात तो रोज येईल. एवढं घबाड हाताशी असताना रंग कसले भरत बसतेस!

माझ्या एका पुस्तकातले महिनेही असेच लहानमोठे होते. मला एका प्रकाशकाने सांगितलं होतं, वाचकाला झेपत नाही, सरळ बारा महिने करा. मी नाही केले. हस्तलिखित कपाटात आहे. हट्टापायी पुस्तक घालवलंस, असं मित्र अजून ऐकवतात. घालवलं तर घालवलं. त्यातला नावाडी कुठल्याच महिन्यात न बसणाऱ्या दिवशी जन्मला, म्हणून त्याचं वय कुणालाच मोजता येत नाही, आणि म्हणून त्याला लग्नाला मुलगीही कुणी देत नाही. महिने सारखे केले असते तर हा माणूसच उडाला असता. मग छापायचं काय, दिनदर्शिका? हे तुला सांगतोय की त्या प्रकाशकाला, कोण जाणे. तुझं लिहिणं चांगलं आहे, म्हणून तर चिडतोय.

तेव्हा रंगांची पानं सध्या बाजूला ठेव. मला एवढंच लिहून पाठव: गजराने कापलेल्या महिन्यात ज्याचं कर्ज फिटायचं होतं, त्याचं व्याज तुझ्या राज्यात कोण भरतं? सावकार 'तो महिना झालाच' म्हणणार, ऋणको 'झालाच नाही' म्हणणार. दोघांनाही खरं वाटू दे. आणि उत्तर पंधरवड्यात पाठव, दिवाळीपर्यंत लांबवू नकोस.