हलवा: हलवला म्हणून नव्हे

विचारणा अशी आहे: 'गाजर हलवा' म्हणावं की 'गाजराचा हलवा'? संक्रांतीला वाटतात तो पांढरा काटेरी दाणाही हलवाच कसा? आणि दोन्ही सतत हलवावे लागतात म्हणून हे नाव पडलं, हे खरं का?

पहिल्याचं उत्तर एका ओळीत. दोन्ही चालतं. पुरणपोळी चालते, गूळपोळी चालते, दुधी हलवा चालतो, तसा गाजर हलवाही चालतो. चालत नाही ते 'गाजरचा हलवा'. आणि अजिबात चालत नाही ते जानेवारी उजाडला की जिकडेतिकडे ऐकू येणारं 'हलवाचे दागिने'. घोड्याचा, आंब्याचा, डब्याचा, तसं हलव्याचे. शब्द परका आहे म्हणून त्याला सामान्यरूप नको, असं कोणी म्हणत असेल तर त्याने चष्माचं घर आणि पडदाचं कापड म्हणून दाखवावं. चष्मा आणि पडदा फारसीतूनच आले, पण आपण चष्म्याचं आणि पडद्याचंच म्हणतो. आकारान्त पुल्लिंगी शब्द मराठीत मुरला की त्याला 'या' लागतो, आणि हलवा चांगला मुरलेला आहे.

आता ते हलवणं. ही व्युत्पत्ती इतकी सोपी वाटते की पाककृतीच्या पुस्तकांच्या प्रस्तावनांतही ती छापली जाते. चूक आहे. 'हलणे' हे प्राकृतातल्या 'हल्ल'चं लेकरू, गुजरातीतल्या 'हालवुं'चं भावंड. हलवा अरबी. ह-ल-व या धातूचा अर्थ गोड असणं, त्यावरून 'हल्वा' म्हणजे गोड पदार्थ. तोच तुर्कीत हेल्वा झाला, ग्रीकमध्ये हाल्वास, रशियन आणि रुमानियनमध्ये हाल्वा, बंगालीत हालुआ. मराठी 'हलवणे' इस्तंबूलपर्यंत गेलं आणि तिथून बुखारेस्टला, असं मानायची तयारी असेल त्याने ती व्युत्पत्ती खुशाल धरावी. शिवाय रूप बघा. मराठीत क्रियेवरून खाण्याच्या वस्तूला नाव पडतं तेव्हा कालवण, तळण, वाळवण, भाजणी अशी नावं होतात. हलवण्यापासून झालं असतं तर 'हलवण' झालं असतं.

अशा लोकव्युत्पत्तीने खरोखर शब्द बदलतो तेव्हा काय होतं, ते मोरांब्यात दिसतं. मूळ शब्द मुरब्बा, तोही अरबी-फारसीतला, अर्थ पाकात टिकवलेलं फळ. मराठी कानाला त्यात आंबा ऐकू आला, कारण बरणीत आंबाच होता. 'ब्बा'चा 'आंबा' झाला आणि पुढे 'मोर' उरला. त्या 'मोर'ला एकट्याला काही अर्थ नव्हता. पण एकदा मोर+आंबा अशी फोड डोक्यात बसल्यावर आंबा काढून आवळा घालायला कितीसा वेळ लागणार? झाला मोरावळा. अरबी शब्दाचं शेपूट कापून त्या जागी आवळा बसवणारी भाषा जगात एकच असेल. हलव्याच्या बाबतीत मात्र असं काही घडलं नाही, शब्द जसा आला तसाच राहिला. बदलत गेला तो अर्थ.

दुसरी एक समजूत अलीकडे फार फोफावली आहे. तिळाची पेस्ट आणि साखरेची ती चुरचुरीत वडी, तुर्की दुकानात मिळते ती, तोच 'अस्सल' हलवा आणि आपला रव्या-गाजराचा म्हणजे भ्रष्ट नक्कल, असं खाण्यापिण्यावर लिहिणारे ठासून सांगतात. अरबीत हल्वा हे एका पदार्थाचं नाव कधीच नव्हतं. ते अख्ख्या मिठाईचं नाव. म्हणून तर आपला हलवाई जिलेबी, पेढे, बर्फी सगळं करतो आणि तरी हलवाईच म्हणवतो. इस्तंबूलच्या तोपकापी राजवाड्यात, म्हणजे तुर्की सुलतानांच्या वाड्यात, मुदपाकखान्यात 'हेल्वाहाने' नावाचा स्वतंत्र विभाग होता. तिथे मिठाया, मुरंबे, सरबतं तर होतच, पण औषधी पाकही होत. इजिप्तमध्ये तर 'हलावा' हे साखर, लिंबू आणि पाणी आटवून केलेल्या चिकट गोळ्याचंही नाव आहे. तो गोळा अंगावरचे केस काढायला वापरतात. आता यातला अस्सल कुठला ते ठरवा.

मग एकेका मुलखाने या मोठ्या शब्दातून आपापला तुकडा कापून घेतला. तिळाच्या वडीवाल्यांनी एक घेतला. त्यांचा पाक साबणासारखा फेस देणाऱ्या एका मुळीच्या अर्कात घोटून पांढरा करतात आणि मग त्यात तिळाची पेस्ट मळतात, त्यामुळे वडीला तंतू येतात. ग्रीकांकडे तिळाच्या वडीबरोबर रव्याचाही हाल्वास आहे, आणि त्याचं प्रमाण पाढ्यासारखं पाठ करतात: एक तेल, दोन रवा, तीन साखर, चार पाणी. उपासाच्या दिवसांत करतात, म्हणून लोण्याऐवजी तेल. तुर्कीत रव्याचा हेल्वा कोणी गेलं की करतात आणि वाटतात. इराणातही कणीक, केशर आणि गुलाबपाण्याचा हल्वा शोकाच्या प्रसंगी असतो, तेव्हा आनंदाची बातमी म्हणून तिकडच्या माणसापुढे हलवा ठेवण्याआधी विचार करावा. तिरुनेलवेलीत गहू भिजवून, वाटून, त्याचं दूध काढून तुपात आटवलं की अल्वा होतो. तमिळमध्ये 'अल्वा देणं' म्हणजे फसवणं, आपण टोपी घालतो तसं. कोझिकोडचा मैद्याचा, खोबरेल तेलातला. माहीमचा हलवा कागदाच्या घड्यांत पातळ पत्र्यासारखा. मुंबईच्या मासळीबाजारातल्या हलव्याला, म्हणजे पापलेटासारख्या दिसणाऱ्या त्या काळसर माशाला, इथे ओढू नये. गोडाशी त्याचा संबंध जोडणारे आहेत, पण त्यांनी आधी पुरावा आणावा.

आपल्याला हवा तो तुकडा बगदादमध्ये आहे. मुहंमद बिन हसन अल-बगदादीने १२२६ साली 'किताब अल-तबीख' हा पाकग्रंथ लिहिला. त्यात 'हल्वा याबिसा', म्हणजे कोरडा हलवा, अशी कृती आहे. साखर पाण्यात विरघळवून घट्ट पाक करायचा, गुळगुळीत फरशीवर ओतून निववायचा, मग लोखंडी खुंटीला लावून पुन्हा पुन्हा ताणायचा, पांढरा होईपर्यंत. त्यात पिस्ते मळायचे. आणि शेवटी एक पुस्ती: कधी त्यात सोललेले बदाम, तीळ किंवा खसखसही घालतात. पांढरी कोरडी साखर आणि तीळ-खसखस, आणि नाव हलवा. तूप नाही, कढईत परतणं नाही, दूध नाही. संक्रांतीच्या हलव्याचे घटक आठशे वर्षांपूर्वी याच नावाखाली लिहिलेले आहेत. कृती वेगळी आहे, हे मान्य. ती ताणलेली साखर, आपला दाण्यावर चढवलेला पाक. पण शब्दाचा जुना, मोठा अर्थ कोरड्या साखरेच्या मिठाईला लागू होता, एवढं त्यावरून पक्कं होतं. संक्रांतीचा हलवा हा गाजर हलव्यावरून उसना घेतलेला शब्द नव्हे. माझ्या मते तोच मराठीतला जुना, आणि गाजराचा उत्तरेकडून मागाहून आलेला.

काटेरी हलव्याची कृती थोडक्यात सांगणं अवघड, पण हलवण्याचा मुद्दा तिथेच निकालात निघतो म्हणून सांगतो. साखरेच्या निम्मं पाणी, एकतारी पाक, चमचाभर दूध घालून वर येणारी मळी काढून टाकायची. लिंबू पिळायचं तर दोन थेंब, जास्त नाही. आंबटाने पाकाची साखर फुटते, मग ती दाण्यावर स्फटिक धरत नाही, चिकट राहते आणि काटा येत नाही. तीळ हलके भाजलेले. परात मंद आचेवर, निखाऱ्यांवर राख टाकली की बरोबर आच मिळते. एक चहाचा चमचा पाक, बोटांच्या टोकांनी हलकेच फिरवणं, पूर्ण कोरडं होऊ देणं, मग पुढचा चमचा. पाक जास्त पडला तर दाणे एकमेकांना धरून लाडू होतो. आच वाढली तर आलेले काटे वितळून दाणा गुळगुळीत आणि पिवळट होतो. आच कमी पडली तर ओल राहते आणि साखर पिठासारखी सुटते. अधूनमधून चाळून सुटी साखर काढायची, नाहीतर तीच नव्या पाकाबरोबर ढेकळं धरते. पाव वाटी तिळावर दीड-दोन वाट्या साखर दोन-तीन दिवसांत चढते. काटे पहिल्या दिवशी दिसत नाहीत. दाण्यावरचा जो उंचवटा असतो त्याला पाक आधी लागतो आणि तोच आधी वाळतो, म्हणून उंच असेल ते आणखी उंच होतं. म्हणजे या हलव्यात हलवण्याइतकंच महत्त्व थांबण्याला आहे. एकसारखं हलवत बसणाऱ्याचा दाणा गोल होतो, काटेरी नव्हे.

हे तंत्र जगात बऱ्याच ठिकाणी आहे, पण नावं बघा. पंढरपूरच्या प्रसादातले साखरफुटाणे हा त्याच कुळातला हरभरा. उत्तरेत इलायचीदाणा. इराणात बदामाच्या कापांवर असाच खडबडीत पाक चढवतात, उर्मिया शहराचे प्रसिद्ध आहेत, त्याला म्हणतात 'नोक्ल'. आणि जपानमध्ये 'कोंपेइतो', आपल्या काटेरी हलव्याचा हुबेहूब जुळा. तो शब्द पोर्तुगीज 'कोन्फेइतो'वरून आला. १५६९ साली लुईस फ्रोइस या पाद्र्याने ओदा नोबुनागा या जपानी सरदाराला काचेच्या कुपीतून तो भेट दिल्याची नोंद आहे. पूर्वी त्याच्याही पोटात खसखस किंवा तीळ असे. आता रवाळ साखर घालतात आणि तापलेल्या फिरत्या कढईत आठवडा-दोन आठवडे पाक चढवत राहतात.

इथे कोणीतरी लगेच म्हणेल, गोवा शेजारी, तेव्हा हलवाही पोर्तुगीजांनीच आणला. पाव, बटाटा आणि काजूनंतर सगळंच त्यांच्या नावावर टाकायची सवय लागली आहे. तंत्र कुठून आलं याचा निकाल नावावरून लागत नाही, पण नाव कुठून आलं याचा लागतो. जपान्यांनी पोर्तुगीजांकडून घेतलं, त्यांनी पोर्तुगीज नाव ठेवलं. आपण अरबी नाव ठेवलं. फारसीतला 'नोक्ल' घेतला नाही, 'कोन्फेइतो' घेतला नाही, मिठाईचं मोठं नाव उचललं आणि एका दाण्याला दिलं.

माझा लाडका तर्क पुढे आहे, आणि तो तर्क म्हणूनच वाचावा. हिंदीत जो 'सूजी का हलवा', तो मराठीत शिरा. का? 'हलवा' ही जागा मराठीत तिळाने आधीच अडवली होती. रव्याच्या पदार्थाला दुसरं नाव लागलं, ते शेजारच्याच फडताळातून काढलं. शीरा फारसी, अर्थ रस, अर्क, दाट पाक. इराणात द्राक्षाच्या काकवीला शीरे म्हणतात, अफूच्या अर्कालाही. तुर्कीत 'शिरा' म्हणजे द्राक्षाचा किंचित आंबलेला रस, बुर्सा शहरात कबाबाबरोबर पितात. म्हणजे शब्द मुळात पातळ पदार्थाचा. मराठीने तो रव्यात जिरवला. 'शिरा' हे पाकात शिजलेल्या रव्याचं नाव पडलं आणि पाक नावातून गळून गेला. गुजरातीत शीरो आहे, पण तिळाचा हलवा नाही, मग जागा अडवण्याचं काय, असा आक्षेप येईल. गुजरातीची अडचण गुजरातीने सोडवावी. दुधी आणि गाजर मागाहून उत्तरेकडून आले, ते 'हलवा' हे नाव सोबत घेऊनच.

हिंदीत मात्र शीरा अजून पाकच आहे, आणि साखर कारखान्यात तर शीरा म्हणजे मळी. पाकाच्या वरची मळी नव्हे, ऊसाची काळी मळी, जिचं मद्यार्क करतात. हिंदीवरून मराठीत आणलेल्या पाककृतींत म्हणून 'जिलेबी गरम शिऱ्यात बुडवून काढा' असं वाक्य सापडतं, आणि वाचणारा रवा भाजायला घेतो. तिथे पाक लिहायचा. बातमीत 'शीरे का टैंकर पलटा' असेल तर मळीचा टँकर लिहायचा.