बर्लिनला येताना आपली सगळी कामं सोबत आणा

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. तुम्ही स्वतंत्रपणे माहितीपट करता, पण घर त्यावर चालत नाही. म्हणून जाहिरातींचं एडिटिंग, मालिकांचं संवादलेखन, वर्तमानपत्रातलं सदर आणि अधूनमधून चित्रपट-कार्यशाळा असं सगळं सांभाळता. वय ४३. आता बर्लिनला यायचं आहे, तेही नोकरीवर नाही, स्वतंत्र कलावंत म्हणून. एका सल्लागाराने तुम्हाला सांगितलं की अर्जात फक्त 'चित्रपट दिग्दर्शक' लिहा, बाकीचं झाका, नाहीतर धड एक ना भाराभर चिंध्या असं वाटेल. तुम्ही विचारता, ते खरं का?

माझं उत्तर स्पष्ट आहे: काहीही झाकू नका. इथे टिकलेले जे स्वतंत्र चित्रपटकार मी जवळून पाहिले, त्यांतला जवळजवळ प्रत्येक जण तीन-चार कामं करतो. कुणी दिग्दर्शक आणि अनुवादक आहे, कुणी एडिटर आणि रेडिओसाठी लिहिणारी. तुमची अनेक कामं ही अडचण नाही. त्यांची नीट मांडणी झाली नाही, तर मात्र अडचण होईल, कारण जर्मनीत प्रत्येक कामाचा कप्पा वेगळा असतो: व्हिसाचा वेगळा, कराचा वेगळा, विम्याचा वेगळा. कोणतं काम कुठल्या कप्प्यात जातं हे निघण्याआधी ठरवलंत, तर इथली पहिली वर्षं कितीतरी हलकी जातील.

आधी व्हिसा. स्वतंत्र व्यावसायिकांसाठीचा परवाना जर्मनीच्या निवास कायद्याच्या कलम २१, पोटकलम ५ खाली मिळतो. भारतीय पासपोर्टवर आधी राष्ट्रीय व्हिसा घेऊनच यावं लागतं, त्याचं शुल्क ७५ युरो. इथे आल्यावर पुढचा परवाना बर्लिनचं लांडेसआम्ट फ्युर आइनवांडरुंग, म्हणजे स्थलांतर कार्यालय, देतं. अर्जाला कामाचे नमुने, कारकिर्दीचा आढावा, आरोग्यविमा, येत्या काळातल्या मिळकतीचा अंदाज आणि इथल्या लोकांची इरादापत्रं लागतात. त्यांत सगळ्यात वजन इरादापत्रांना. 'यांच्यासोबत काम करायला आम्हाला आवडेल' एवढ्यावर भागत नाही. कोणतं काम, साधारण किती दिवसांचं, मोबदला किती, हे त्यात हवं. इथेच तुमची चार कामं उपयोगी पडतात. फक्त दिग्दर्शक म्हणून अर्ज केलात तर अशी पत्रं देणार कोण? तुमचं नाव कधी न ऐकलेला निर्माता अख्खा चित्रपट हाती देईन असं लिहून देणार नाही. पण तीन आठवड्यांचं एडिटिंग, हिंदी-मराठी सबटायटल, एखादी कार्यशाळा, नियतकालिकातला लेख या गोष्टी माणसं मोकळेपणाने लिहून देतात. दिग्दर्शक हे नाव मथळ्याला ठेवा, पोट भरणारी कामं त्याच्याखाली.

वयाचा मुद्दा तुम्ही सहज म्हणून लिहिला आहे, पण तो गंभीरपणे घ्या. पंचेचाळिशी ओलांडलेल्या अर्जदाराकडे म्हातारपणाची पुरेशी आर्थिक तरतूद असल्याचा पुरावा मागितला जातो. काही देशांच्या नागरिकांना यातून सूट आहे, भारतीयांना नाही. येऊ का नको या विचारात आणखी दोन वर्षं घालवणं तुम्हाला परवडणारं नाही.

आता एक बारीक गोष्ट, जिच्याकडे मी सगळ्यांचं लक्ष वेधतो. परवान्याच्या प्लास्टिक कार्डासोबत बऱ्याचदा एक हिरवा घडीचा कागद मिळतो. कार्डावर फक्त 'पुरवणी पानावरील अटी पाहा' अशा अर्थाचं काहीतरी असतं. खरा मजकूर त्या हिरव्या कागदावर, एक-दोन ओळींत. कोणत्या कामासाठी परवानगी आहे ते तिथे छापलेलं असतं. तिथे 'चित्रपटकार' एवढंच आलं, तर लेखनाचं किंवा शिकवण्याचं बिल देताना तुम्ही परवान्याच्या कक्षेबाहेर जाऊ शकता, आणि मग बदलासाठी पुन्हा अर्ज, पुन्हा वाट पाहणं. म्हणून अर्जातच 'चित्रपटकार, एडिटर, लेखक व अध्यापक' असा पूर्ण उल्लेख करा आणि प्रत्येक शब्दामागे निदान एक पुरावा ठेवा. कागद हातात पडला की खिडकीवरून हलण्याआधी तो वाचा. जर्मन येत नसेल तर येणाऱ्याला सोबत न्या.

याच कागदाशी जोडलेला दुसरा मुद्दा आपल्याकडून येणाऱ्यांना सहसा माहीत नसतो. आपल्याकडे सेटवरचा जवळपास प्रत्येक जण बिल देऊन पैसे घेतो. जर्मनीत शूटिंगवरचं बरंचसं काम कायद्याने मुदतीची नोकरी ठरतं: वेळ ठरलेली, हुकूम दुसऱ्याचा, म्हणून पगारपत्रक आणि सामाजिक विम्याची कपात. कागदावर स्वतंत्र आणि प्रत्यक्षात नोकर अशी मांडणी पकडली गेली, तर निर्मितीसंस्थेला मागची वर्गणी भरावी लागते. त्यामुळे या संस्था फार जपून असतात. तुमच्या परवान्यात फक्त स्वतंत्र व्यवसायाची मुभा असेल, तर सहायक दिग्दर्शनाचं चांगलं काम समोर येऊनही तुम्हाला घेता येणार नाही. नोकरीची मुभा वेगळी मागावी लागते आणि ती मिळेलच असं नाही. तेव्हा पहिल्या वर्षाचं गणित सेटवरच्या कामावर बांधू नका. घरी बसून होणाऱ्या, पूर्ण करून सोपवायच्या कामांवर बांधा: एडिटिंग, लेखन, सबटायटल, पटकथेवरचे अभिप्राय.

विम्याबद्दल तुम्ही एकच ओळ विचारली आहे, मी मात्र इथे थांबून लिहिणार आहे. जर्मनीत कलावंताने राहावं की नाही, याचं निम्मं उत्तर माझ्या मते क्युन्स्टलरझोत्सियालकासे, म्हणजे कलावंतांचा सामाजिक विमा-निधी, या एका संस्थेत आहे. सगळे तिला केएसके म्हणतात. कायदा १९८१ चा, अंमल १९८३ पासून, कार्यालय उत्तरेला विल्हेल्म्सहाफेनमध्ये. साध्या स्वतंत्र व्यावसायिकाला आरोग्यविम्याची पूर्ण रक्कम स्वतःच्या खिशातून भरावी लागते. केएसकेत असलेला कलावंत किंवा लेखक आरोग्य, शुश्रूषा आणि निवृत्तिवेतन या तिन्ही विम्यांचा साधारण निम्माच हिस्सा भरतो. उरलेल्या निम्म्यातला काही भाग केंद्र सरकार देतं आणि काही कलावंतांकडून काम घेणाऱ्या संस्था. या संस्था कलावंताला दिलेल्या मानधनावर ठरावीक टक्के भरतात. २०२४ साली तो दर ५ टक्के होता. म्हणजे आज कुठल्या तरी कचेरीने एखाद्या चित्रकाराकडून पोस्टर करून घेतलं, तर त्यातला कणभर वाटा तुमच्या औषधपाण्याला लागतो. असा विचार कायद्यात उतरवणाऱ्या समाजाबद्दल मला मनापासून आदर वाटतो.

तुमच्यासाठी यात तीन लाभ आहेत. बाहेरून येणाऱ्या स्वतंत्र व्यावसायिकाला सार्वजनिक आरोग्यविम्यात शिरणं एरवी फार अवघड असतं. केएसकेतून तो दरवाजा उघडतो. दुसरं, निवृत्तिवेतनाची वर्गणी आपोआप सुरू होते. आणि तिसरं त्यातूनच येतं: कायमस्वरूपी निवासाच्या सर्वसाधारण नियमात ६० महिन्यांची निवृत्तिवेतन-वर्गणी मागितली जाते, ती इथे महिन्यामागून महिना जमत जाते. अट अशी की कलेतून किंवा लेखनातून वर्षाला ३,९०० युरोंपेक्षा जास्त मिळकत व्हायला हवी आणि ते काम खरोखर कलात्मक असायला हवं. कॅमेरा भाड्याने देणं त्यात बसत नाही. माहितीपटाचं दिग्दर्शन, एडिटिंग, लेखन बसतं. निर्णय यायला महिनोन्महिने लागतात, पण विम्याची गणना तुमची नोंद तिथे पोहोचल्यापासून होते. म्हणून दोन-तीन करार हाती आले की लगेच अर्ज टाका, सगळं स्थिरस्थावर होण्याची वाट पाहू नका.

कराचं थोडक्यात. कलावंत, लेखक, पत्रकार, अनुवादक, शिक्षक ही कामं आयकर कायद्यात मुक्त व्यवसाय मानली जातात, त्यांना व्यवसायकर लागत नाही. निर्मितीसंस्था काढलीत किंवा सामान भाड्याने द्यायला लागलात की तो धंदा, त्याची नोंदणी वेगळी. तो हिशेब पहिल्या दिवसापासून वेगळा ठेवा. करक्रमांक मिळाल्याशिवाय बिल देता येत नाही, म्हणून फिनान्सआम्टचा, म्हणजे करकार्यालयाचा, ऑनलाइन अर्ज लगेच भरा. २०२५ पासून आदल्या वर्षीची उलाढाल २५,००० युरोंपर्यंत असेल तर छोट्या व्यावसायिकाची सवलत घेऊन विक्रीकर न लावता बिल देता येतं. बाकीचं एखादा कलावंतांचे हिशेब पाहणारा करसल्लागार सांगेल, त्याचे पैसे वसूल होतात.

आता तुमच्या खऱ्या स्वप्नाकडे येतो, माहितीपटाकडे. इथे सार्वजनिक पैसा आहे, पण तो बहुधा व्यक्तीला नाही, निर्मितीसंस्थेला मिळतो. बर्लिन आणि ब्रांडेनबुर्ग या राज्यांचं मेडियनबोर्ड, केंद्रीय पातळीवरची एफएफए, नवोदितांसाठी १९६५ पासून असलेलं कुराटोरियुम युंगर डॉयचर फिल्म, निधी देणाऱ्या या सगळ्या संस्थांत हाच अनुभव येईल. म्हणजे पैसे शोधण्याआधी निर्माता शोधायचा. बर्लिनालेचा, म्हणजे बर्लिनच्या चित्रपट महोत्सवाचा, वर्ल्ड सिनेमा फंडही आहे, २००४ पासून. तो आफ्रिका, लॅटिन अमेरिका, आशियातले काही देश अशा ठरावीक भागांतल्या चित्रपटांना मदत करतो (यादीत भारत आहे का ते आधी पाहा), आणि त्यालाही जर्मन निर्माता सोबत असावा लागतो. भारत-जर्मनी सहनिर्मितीचा करार २००७ पासून आहे. लाइपझिगच्या माहितीपट महोत्सवाला दर शरदात जा, ओबरहाउझेनच्या लघुपट महोत्सवाला जा, चित्रपट निवडला गेला नसला तरी जा. निर्माते तिथे भेटतात आणि बोलायला त्यांना वेळ असतो. फेब्रुवारीत बर्लिनालेच्या गर्दीत तो नसतो.

निर्माता कसा मिळतो, याचा माझ्यापुरता अनुभव सांगतो. मला पहिला निर्माता माझ्या चित्रपटामुळे भेटला नाही, सबटायटलमुळे भेटला. एका माहितीपटातले मराठी प्रसंग माझ्याकडे आले होते. शेतातली भांडणं, तिघं एकाच वेळी बोलतायत, आणि पडद्यावर जागा जेमतेम दोन ओळींची. कुणाचं वाक्य ठेवायचं, कुणाचं सोडायचं, कोणत्या फ्रेमवर ओळ उतरवायची म्हणजे चेहरा वाचायला सवड मिळेल, हे ठरवणं म्हणजे एडिटिंगच. मी फाइलसोबत एक टिपण जोडलं: अमुक ठिकाणी कट आठ-दहा फ्रेम उशिरा घेतलात तर ओळ लहान करावी लागणार नाही आणि आजीचं गप्प राहणंही दिसेल. निर्मातीने एडिटरला ते दाखवलं, कट बदलला. पुढे तिने मला दुसऱ्या प्रकल्पाचा रफ कट पाहायला बोलावलं, मग पटकथा वाचून लेखी अभिप्राय द्यायला, आणि त्यानंतर केव्हातरी विचारलं, तुम्ही स्वतः काय करताय? तेव्हा माझ्याकडे चार पानांचं टिपण तयार होतं. तुमचंही तयार ठेवा, जर्मनमध्ये. आधी लिहा, मग जर्मन मातृभाषा असलेल्या लेखकाकडून पैसे देऊन सुधारून घ्या. घाईघाईच्या यांत्रिक भाषांतराने चांगला विषय वाया जातो.

उलट दिशेने आलेला एक माणूस मला या संदर्भात नेहमी आठवतो. पाउल झिल्स. जर्मनीतल्या उफा या चित्रपट कंपनीत काम केलेला, दुसऱ्या महायुद्धात भारतात नजरकैदेत पडलेला. सुटल्यावर तो मुंबईत राहिला, माहितीपट केले, माहितीपटकार फली बिलिमोरियांसारख्या सहकाऱ्यांसोबत उभा राहिला, माहितीपटांना वाहिलेलं नियतकालिक काढलं, प्रायोजित कामंही घेतली. परक्या देशात त्याचं बस्तान बसलं ते या सगळ्यामुळे.

मराठी लेखन सोडू नका, हे आग्रहाने सांगतो. बर्लिनचा सांस्कृतिक विभाग जर्मनेतर भाषांत लिहिणाऱ्या, शहरात राहणाऱ्या लेखकांसाठी लेखनाकरता वेगळी शिष्यवृत्ती देत आला आहे. मराठीत लिहिणाऱ्यालाही ती वाट आहे. २०२५ साठी शहराने संस्कृतीच्या खर्चात सुमारे १३ कोटी युरोंची कपात केली, त्यामुळे स्पर्धा वाढली आहे, हे धरून चाला. इथे काही प्रसिद्ध झालं की फाउगे वोर्ट या लेखकांच्या हक्कसंस्थेत नाव नोंदवा. चित्रपट दूरचित्रवाणीवर दाखवला गेला तर दिग्दर्शक आणि एडिटरसाठी फाउगे बिल्ड-कुन्स्ट ही तशीच हक्कसंस्था आहे. रकमा लहान असतात, पण वर्षाच्या मोकळ्या महिन्यात त्या येतात तेव्हा फार बरं वाटतं.

घराबद्दल फक्त एवढंच: ज्या घरमालकाकडून राहण्याचं लेखी प्रमाणपत्र मिळणार नाही, ते घर कितीही स्वस्त असो, घेऊ नका. राहायला आल्यापासून दोन आठवड्यांत पत्त्याची नोंदणी करायची असते, आणि बँकेपासून करापर्यंत सगळं त्यावर अडतं.

आणि एक गोष्ट तुम्ही विचारली नाही तरी लिहितो. पहिल्या दोन वर्षांत मोठा माहितीपट पूर्ण करायचाच, असं घरच्यांना वचन देऊन येत असाल तर येऊ नका. इथे एका चित्रपटाच्या मागे निधीच्या फेऱ्यांतच वर्षं जातात, आणि त्या वचनाच्या ओझ्याखाली माणसं चुकीच्या अटींवर सह्या करतात. छोटा चित्रपट करा, दहा-पंधरा मिनिटांचा, स्वतःच्या कॅमेऱ्यावर. मात्र त्यात दिसणाऱ्या प्रत्येकाची लेखी संमती घ्या. स्वतःच्या चित्रावरचा हक्क इथे १९०७ च्या कायद्यापासून आहे, आणि वाहिनी विचारेल तेव्हा तो कागद लागतो.

पुढच्या काही आठवड्यांत तुमच्या कामांची यादी करा: काम, वर्ष, कुणासाठी, मानधन, पुरावा काय. जाहिराती वगळू नका, सदराची कात्रणंही ठेवा. इरादापत्रं कुणाकुणाकडून मिळतील त्यांची नावं वेगळी लिहा. ते पाठवलंत की व्हिसाच्या अर्जात काय कुठे ठेवायचं ते आपण मिळून ठरवू. मिळकतीच्या अंदाजाचा तक्ता मी पाहून देईन.