प्रश्न वाचकांचे : लाइट इन्फन्ट्री नेमकी कशासाठी?

मागील अंकात लष्करी पलटणींच्या नावांविषयी एक छोटे टिपण दिले होते. त्यानंतर पुणे आणि परिसरातून आलेल्या पत्रांपैकी बहुतेक पत्रे लाइट इन्फन्ट्रीविषयी (शब्दशः ‘हलके पायदळ’) होती. सारख्या आशयाची पत्रे एकत्र करून पाच प्रश्नांची उत्तरे येथे देत आहोत.

प्रश्न : माझा भाचा बेळगावच्या केंद्रातून प्रशिक्षण पुरे करून मराठा लाइट इन्फन्ट्रीत दाखल झाला आहे. ही पलटण आणि इतर पायदळ यांत आज काय फरक आहे? (कोथरूड)

उत्तर : शस्त्रे, तुकडीची रचना आणि नेमून दिलेले काम या बाबतींत आज जवळजवळ काहीच फरक नाही. मराठा, शीख किंवा जम्मू-काश्मीर लाइट इन्फन्ट्रीची बटालियन आणि डोगरा किंवा कुमाऊँ रेजिमेंटची बटालियन एकमेकींच्या जागी नेमता येतात आणि तशा नेहमी नेमल्याही जातात. फरक उरला आहे तो परंपरेत, गणवेशातील काही खुणांत आणि कवायतीच्या धाटणीत. मात्र अठराव्या शतकात हा फरक अगदी खरा होता आणि त्यावर माणसांचे जगणे-मरणे अवलंबून असे.

त्या काळच्या युरोपीय पायदळाची बंदूक आतून गुळगुळीत नळीची असे. शंभर पावलांपलीकडे नेम धरून मारण्यात फारसा अर्थ नसे, म्हणून खांद्याला खांदा लावून रांगा उभ्या करायच्या आणि हुकमासरशी सर्वांनी एकदम बार काढायचे, ही पद्धत रूढ झाली. तीत शिपायाने स्वतःच्या डोक्याने काही ठरवणे अपेक्षित नव्हते. किंबहुना ते धोक्याचेच मानले जाई. मोकळ्या मैदानात ही रीत चालली, पण जंगलात आणि डोंगरात तिचे धिंडवडे निघाले. जुलै १७५५ मध्ये अमेरिकेतील मोनोंगाहेला नदीकाठच्या रानात जनरल ब्रॅडॉक यांची सुमारे तेराशेंची इंग्रज फौज झाडांआडून लढणाऱ्या फ्रेंच आणि स्थानिक आदिवासी योद्ध्यांच्या तावडीत सापडली. तिच्यातील जवळजवळ दोनतृतीयांश माणसे ठार झाली वा जखमी झाली आणि स्वतः ब्रॅडॉकही जखमी होऊन मरण पावले. या पराभवानंतर इंग्रजांनी तेथे सुटसुटीत सामानाच्या, रांग मोडून लढू शकणाऱ्या तुकड्या, म्हणजेच लाइट इन्फन्ट्री, उभारायला घेतल्या. युरोपात ऑस्ट्रियाने बाल्कन सीमेवरील क्रोएट शिपायांचा आणि प्रशियाने शिकारी व वनरक्षकांतून भरती केलेल्या ‘येगर’ तुकड्यांचा असाच वापर त्याआधीच सुरू केला होता.

या शिपायांचे काम मुख्य फौजेच्या पुढे पसरून शत्रूचा ठाव घेण्याचे, त्याच्या अधिकाऱ्यांना आणि तोफचींना टिपण्याचे, आपल्या रांगा लागेपर्यंत त्याला थोपवण्याचे आणि माघारीच्या वेळी सर्वांत शेवटी निघण्याचे असे. ते जोडीजोडीने लढत. एकाने बार काढला की तो बंदूक ठासून तयार होईपर्यंत दुसऱ्याने आपला बार राखून ठेवायचा, म्हणजे दोघांपैकी एकाची बंदूक कायम भरलेली राहायची. नियम साधा दिसतो, पण केव्हा पुढे सरकायचे, कोणत्या बांधाआड बसायचे आणि नेम कोणावर धरायचा हे त्या दोघांनाच ठरवावे लागे, कारण त्यांचा अधिकारी पन्नास-शंभर पावले दूर असे.

१८०३ पासून इंग्रज सेनापती सर जॉन मूर यांनी इंग्लंडच्या केंट परगण्यातील शॉर्नक्लिफच्या छावणीत ४३वी आणि ५२वी पलटण व हिरव्या कोटातील ९५वी रायफल्स यांना दिलेले शिक्षण या बाबतीत निर्णायक ठरले. फटक्यांच्या धाकाने शिपाई सरळ उभा राहतो, पण झाडाआड एकटा असताना काम करत नाही, हे मूर यांच्या व्यवस्थेने ओळखले होते. म्हणून अधिकाऱ्यांनी शिपायांबरोबर स्वतः कवायत शिकावी, त्यांना नावानिशी ओळखावे आणि शिक्षेचा वापर कमी करावा, यावर भर राहिला. माझ्या मते लाइट इन्फन्ट्रीचा खरा वारसा हा आहे. हिरवा कोट आणि चपळ चाल या त्यापुढे वरवरच्या गोष्टी होत. ९५व्या पलटणीकडे नळीला आतून पीळ असलेली बेकर रायफल होती. ती भरायला वेळ लागे, पण दोनशे यार्डांपर्यंत भरवशाने लागे. जानेवारी १८०९ मध्ये स्पेनमधील काकाबेलोस येथे टॉमस प्लंकेट नावाच्या शिपायाने फ्रेंच सेनापती कोल्बेर यांना तिनेच टिपले. त्या बाराचे अंतर मात्र पुढच्या प्रत्येक पिढीच्या सांगण्यात थोडेथोडे वाढत गेलेले दिसते.

प्रश्न : महाराजांचे मावळे ही जगातील पहिली लाइट इन्फन्ट्रीच नव्हे काय? इंग्रजांनी हे तंत्र आपल्याकडूनच उचलले असे ऐकले आहे. (सिंहगड रस्ता)

उत्तर : साम्य आहे, उचलेगिरी मात्र दिसत नाही. एप्रिल १६६३ मध्ये शायिस्ताखानाच्या प्रचंड छावणीच्या मधोमध असलेल्या लाल महालावर निवडक माणसांनिशी रात्री घातलेला छापा किंवा फेब्रुवारी १६७० मध्ये तानाजी मालुसऱ्यांच्या मावळ्यांनी कडा चढून घेतलेला कोंढाणा, ही कामे आजच्या कोणत्याही कमांडो शिक्षणात शोभतील अशी आहेत. थोडे सामान, भूप्रदेशाची बारीक माहिती, रात्रीचा वापर आणि हुकमाची वाट न पाहता वागू शकणारा म्होरक्या ही सर्व लक्षणे तेथे आढळतात. त्याच फौजेतील कोकणचे हेटकरी नेमबाजीसाठी नावाजलेले होते.

तरीही इंग्रजांनी हे धडे अमेरिकेच्या जंगलात आणि जर्मन येगरांकडून घेतले, याचे पुरावे त्यांच्याच कवायतीच्या पुस्तकांत आहेत. मराठ्यांकडून त्यांनी धडा घेतला तो वेगळा आणि अधिक कडू. जानेवारी १७७९ मध्ये बोरघाट चढून पुण्यावर चालून आलेली मुंबईकर इंग्रजांची फौज तळेगावपर्यंत पोहोचली, तेव्हा गाव आणि वैरण जाळून टाकलेली होती. बैलांच्या अवाढव्य तांड्यासह परत फिरण्याची पाळी तिच्यावर आली आणि वडगावात तिला नाक मुठीत धरून तह करावा लागला. ही किमया प्रामुख्याने घोडदळाची आणि रसद तोडण्याची होती, पायदळाची नव्हे. गनिमी काव्याचे सारे श्रेय मावळ्यांच्या नावावर जमा करण्याच्या ओघात अठराव्या शतकातील मराठी घोडदळाकडे आपले दुर्लक्ष होते. ध्यानात ठेवण्यासारखी बाब म्हणजे, त्या माघारीत इंग्रजांची पिछाडी कॅप्टन हार्टली यांच्या हाताखालच्या देशी शिपायांनी सांभाळली होती.

प्रश्न : लाइट इन्फन्ट्रीच्या बिल्ल्यावर बिगूल का असतो? (औंध)

उत्तर : विखुरलेल्या शिपायांपर्यंत ढोलाचे इशारे नीट पोहोचत नसत आणि ढोल घेऊन झुडपांतून पळताही येत नसे. जर्मन शिकारी शिंग वापरत, तेच या तुकड्यांनी उचलले. पसरा, थांबा, मागे या, यांसाठी निरनिराळे सूर ठरलेले होते. शिंगाचा बिगूल झाला आणि तो खूण म्हणून बिल्ल्यावर राहिला. ब्रिटिश परंपरेत या पलटणी मिनिटाला १४० पावलांच्या गतीने चालत, तेव्हा इतर पायदळाची चाल १२० पावलांच्या आसपास असे.

प्रश्न : मराठा पलटणीला ‘लाइट इन्फन्ट्री’ हा किताब केव्हा आणि कशाबद्दल मिळाला? (खडकी)

उत्तर : या रेजिमेंटची सर्वांत जुनी पलटण, म्हणजे ‘जंगी पलटण’, १७६८ साली मुंबईत उभी राहिली. किताबाची कथा मात्र तिच्या पाठोपाठ उभ्या राहिलेल्या ‘काळी पाचवी’ची, म्हणजे तेव्हाच्या मुंबई लष्कराच्या पाचव्या देशी पलटणीची आहे. पहिल्या अफगाण युद्धात, १८४० च्या उन्हाळ्यात, या पलटणीचे सुमारे दीडशे शिपाई कॅप्टन लुईस ब्राऊन यांच्यासह बलुचिस्तानातील मर्री टोळ्यांच्या मुलखात काहुन नावाच्या मातीच्या तटबंदीत अडकले. बरोबर एकच तोफ होती. उंट परत घेऊन निघालेली तुकडी वाटेतच कापली गेली. मेजर क्लिबॉर्न यांची कुमक ऑगस्टअखेर नफुस्कच्या खिंडीत पोहोचली, पण तेथील हल्ला, उन्हाचा कहर आणि तहान यांनी ती मोडून परत गेली, आणि किल्ल्यातील माणसे पुन्हा एकटी पडली. अखेर सप्टेंबरच्या शेवटी ब्राऊन यांनी मर्री सरदार दोदाखानाशी बोलणी केली आणि शस्त्रांनिशी बाहेर पडण्याची वाट मिळवली. आजाराने आणि उपासमारीने खंगलेल्या शिपायांनी ती तोफही मागे टाकली नाही. अवघड घाटांतून ती ओढत आणली. १८४१ साली या पलटणीला लाइट इन्फन्ट्रीचा किताब मिळाला.

येथे एक विसंगती नजरेत भरते. काहुनची लढाई ही वेढ्यात चिकाटीने तग धरण्याची होती, पुढे पसरून चपळाईने लढण्याची नव्हती. म्हणजे तोपर्यंत लाइट इन्फन्ट्री हे कामाचे नाव कमी आणि बहुमानाचे नाव अधिक झाले होते. पुढे मागून ठासायच्या बंदुका आल्या, रांगेत उभे राहणे म्हणजे आत्महत्या ठरू लागले आणि सगळेच पायदळ विखरून लढू लागले, तेव्हा जुना भेद आपोआप विरला. १९२२ च्या पुनर्रचनेत सर्व मराठा पलटणी मिळून ‘पाचवी मराठा लाइट इन्फन्ट्री’ झाली.

गुण मात्र टिकले. १० जुलै १९४४ रोजी इटलीत टायबर नदीच्या वरच्या खोऱ्यात नाईक यशवंत घाडगे यांची तुकडी अगदी जवळून झालेल्या मशीनगनच्या माऱ्यात सापडली आणि त्यांच्याखेरीज सगळे पडले. हुकूम देण्यासाठी माणूसच उरला नसताना ते एकटे ठाण्यावर धावून गेले. त्यांनी हातगोळ्याने मशीनगन निकामी केली, एकाला गोळी घातली आणि मॅगझिन बदलायला सवड नाही हे पाहून बंदुकीच्या दस्त्याने उरलेल्या दोघांना ठार केले. त्यानंतर लपलेल्या नेमबाजांच्या गोळ्यांनी ते पडले. त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस देण्यात आला.

प्रश्न : कमांडो, पॅराट्रूपर अशा निवडक तुकड्या म्हणजे जुन्या लाइट इन्फन्ट्रीचे आजचे रूप म्हणावे काय? आणि उत्तमोत्तम माणसे अशा तुकड्यांत गेल्याने साधे पायदळ दुबळे होत नाही का? (पौड रस्त्यावरील एक विद्यार्थिनी)

उत्तर : पहिल्या भागाचे उत्तर होय असे आहे, आणि वंशावळ कधीकधी थेटही असते. आपल्या पॅराशूट रेजिमेंटची दुसरी बटालियन (२ पॅरा) मूळची मराठा लाइट इन्फन्ट्रीची तिसरी बटालियन होती, तर २१ पॅरा (स्पेशल फोर्सेस) ही त्याच रेजिमेंटच्या २१व्या बटालियनमधून घडली.

दुसरा प्रश्न अवघड आहे. दुसऱ्या महायुद्धात ब्रह्मदेशात चौदाव्या सैन्याचे नेतृत्व केलेले ब्रिटिश सेनापती स्लिम यांचे मत असेच होते. निवडक तुकड्या साध्या बटालियनमधील चांगली माणसे काढून नेतात आणि काही कामे फक्त अशा वीरांनीच करायची असतात असा समज पसरवतात, ही त्यांची तक्रार होती. मला ती बव्हंशी पटते. त्यात भर अशी, की जड शस्त्रे नसलेली तुकडी वेगाने पोहोचते, पण फार काळ टिकत नाही, आणि नेमक्या याच तुकड्यांना सेनापती नको तेथे खर्ची घालतात. १८१२ मध्ये स्पेनमधील बादाहोसच्या तटाला पडलेल्या खिंडारात इंग्रज सेनापती वेलिंग्टन यांनी आपली नावाजलेली लाइट डिव्हिजन झोकली आणि ती भयंकर कापली गेली. सप्टेंबर १९४४ मध्ये हॉलंडमधील आर्नम येथे विमानांतून उतरलेल्या सुमारे दहा हजार ब्रिटिश आणि पोलिश सैनिकांपर्यंत रणगाड्यांची कुमक वेळेवर पोहोचली नाही. नदी ओलांडून अडीच हजारही परत आले नाहीत.

याउलट योजना नीट असेल तर काय साधते, हे डिसेंबर १९७१ मध्ये दिसले. भारताचे ब्रिगेडियर क्लेर यांनी पूर्व पाकिस्तानातील जमालपूरच्या पाकिस्तानी ठाण्याला शरण येण्याचे पत्र पाठवले, तेव्हा उत्तराच्या कागदात गुंडाळून एक गोळी आली. त्यानंतर जमालपूरहून दक्षिणेकडे निघणारा रस्ता लेफ्टनंट कर्नल ब्रार यांच्या नेतृत्वाखाली पहिल्या मराठा लाइट इन्फन्ट्रीने, म्हणजेच जंगी पलटणीने, रोखून धरला. १० तारखेच्या रात्री निसटू पाहणारी बलुच बटालियन तेथे मोठ्या हानीनिशी अडली. दुसऱ्या दिवशी दुपारनंतर २ पॅरा बटालियन टांगाईलजवळ उतरली आणि माघारीच्या वाटेवरील पुंगली पूल तिने ताब्यात घेतला. तिची गाठ घेण्यासाठी फार वाट पाहावी लागली नाही. १२ डिसेंबरला तेथे पोहोचलेली पलटण जंगी पलटणच होती, त्यामुळे पॅराशूटने उतरलेले आणि रस्त्याने चालत आलेले दोघेही मूळचे एकाच रेजिमेंटचे निघाले.