स्फटिक आपोआप गुणगुणू शकतो का? कादंबरीसाठी आणि टेबलावर दाखवण्यासाठी

तुम्ही विचारलंय की कादंबरीत डिचोलीच्या बंद खाणीत सापडलेला स्फटिक रात्री आपोआप थरथरतो, त्यातून काळी एकचा सा ऐकू येतो. हे शास्त्राला धरून कसं लिहावं आणि पणजीतल्या वाचनाच्या कार्यक्रमात असा स्फटिक खरोखर दाखवता येईल का.

थरथरणारा स्फटिक खराच असतो. क्वार्ट्झ, म्हणजे आपली गारगोटी ज्याची बनते तेच खनिज, दाबलं की त्याच्या पृष्ठभागावर विजेचा भार उमटतो. जाक आणि पिएर क्युरी या भावांनी हे 1880 साली दाखवलं. उलटही होतं: वीज दिली की स्फटिक किंचित वाकतो. मनगटी घड्याळात क्वार्ट्झचा काही मिलिमीटरचा चिमटा सेकंदाला 32,768 वेळा थरथरतो. हा आकडा म्हणजे 2 चा 15 वा घात, म्हणून 15 वेळा निम्मा केला की सेकंदाला बरोबर एक ठोका मिळतो.

पण आपोआप काही होत नाही. सेल काढला की ती थरथर सेकंदभरात विरते. त्यामुळे गोष्टीत खरा प्रश्न स्फटिकाचा नाही, त्याला हलवतंय कोण हा आहे. गोव्यातल्या लोहखाणी उघड्या असतात. बोगदे नसतात, पावसाळ्यात भरणारे खोल खड्डे असतात आणि पाणी पंपाने उपसावं लागतं. पंपाच्या हादऱ्याने स्फटिक बोलतो असं आधी दाखवा. मग पंप बंद करा आणि सूर चालू ठेवा. शास्त्र जाणणारा वाचक तिथेच दचकेल.

सुराचाही हिशेब आहे. क्वार्ट्झची 10 सेंटिमीटरची कांडी लांबीच्या दिशेने थरथरली तर सेकंदाला 27,000 च्या आसपास कंपनं होतात. ती वटवाघळाला ऐकू जातील, माणसाला नाही. काळी एक म्हणजे साधारण 277 हर्ट्झ, म्हणजे सेकंदाला 277 कंपनं. त्यासाठी जवळजवळ 10 मीटरची अखंड कांडी लागेल. यावर उपाय म्हणजे आकार चिमट्याचा ठेवा. पाती 10 सेंटिमीटर लांब आणि 3 मिलिमीटर जाड असली की सूर 260 ते 280 च्या घरात येतो. आणि स्फटिक एकसंध हवा. तिथल्या लोहखनिजाच्या थरांतला क्वार्ट्झ असंख्य बारीक दाण्यांचा असतो, दाण्यांची तोंडं वाटेल तिकडे असतात, त्यामुळे वीज आपापसात फिटते. एखाद्या शिरेतला टोकदार, पारदर्शक स्फटिक दाखवा.

टेबलावर दाखवायला क्वार्ट्झ नको, रोशेल सॉल्ट (पोटॅशियम सोडियम टार्टरेट हा क्षार) घ्या. त्याची विजेची प्रतिक्रिया कितीतरी पटींनी जास्त असते आणि तो घरी वाढतो. बेकरीचं सामान विकणाऱ्या दुकानातून 100 ग्रॅम क्रीम ऑफ टार्टर आणा. 45 ग्रॅम खायचा सोडा ओव्हनमध्ये 200 अंशांवर तासभर तापवा. उरेल तो साधारण 28 ग्रॅम सोडियम कार्बोनेट. बाजारातला धुण्याचा सोडा टाळा, त्यात पाणी किती मुरलंय ते कळत नाही आणि माप चुकतं. क्रीम ऑफ टार्टर 150 मिलिलिटर पाण्यात घालून भांडं गरम पाण्याच्या पातेल्यात ठेवा आणि सोडा अर्धा-अर्धा चमचा टाका. दर वेळी फसफसून फेस वर येतो, तो बसू द्या. गढूळ पाणी हळूहळू स्वच्छ होतं. सोडा टाकूनही बुडबुडा येईनासा झाला की थांबा. जास्तीचा सोडा स्फटिक बिघडवतो. गरम असतानाच गाळा, झाकून थंड करा. तळाशी आलेल्या स्फटिकांतला एक नितळ, कोरीव कडांचा निवडून दोऱ्याने त्याच द्रावणात टांगा. द्रावण आधी थंड झालेलं हवं, नाहीतर बीजच विरघळेल. डबा थर्मोकोलच्या पेटीत ठेवा, कारण दिवसा तापून रात्री थंडावलं की वाढलेला स्फटिक पुन्हा झिजतो. डिसेंबर-जानेवारीत हे काम सोपं जातं. पावसात पाणी उडतच नाही.

तयार स्फटिकाच्या समोरासमोरच्या दोन मोठ्या बाजूंना ॲल्युमिनियम फॉइल घट्ट बसवा, वायरी काढा आणि गिटारच्या ॲम्प्लिफायरला जोडा. साध्या म्युझिक सिस्टीमच्या इनपुटला जोडलं तर आवाज पातळ येतो. स्फटिकाला नखाने टिचकी मारा, स्पीकरमधून टक् असा खणखणीत ठोका येईल. सपाट बाजूवर सरळ दाबून फार वीज मिळत नाही. फॉइल नसलेल्या कडांवर कोपऱ्यातून कोपऱ्यात तिरका दाब द्या. काही न करता सतत गुंजन ऐकू आलं तर हुरळून जाऊ नका. तो घरातल्या विजेचा 50 हर्ट्झचा आवाज आहे. वायर शिल्डची, म्हणजे आत धातूच्या जाळीचं आवरण असलेली वापरा, जाईल.

रोशेल सॉल्टची सगळ्यात सुंदर गोष्ट म्हणजे त्याचं तापमान. 24 अंश सेल्सिअसच्या आसपास त्याची प्रतिक्रिया शिगेला पोचते आणि त्यावर झपाट्याने उतरते. मे महिन्यातल्या तापलेल्या हॉलमध्ये मरगळलेला स्फटिक एसी 24 वर लावल्यावर जागा होतो. कादंबरीत हे जसंच्या तसं घ्या, काही जोडावं लागणार नाही.

जपायचं ते दोन टोकांपासून. गोव्याच्या पावसाळी दमटपणात तो ओलावा ओढून चिकट होतो, मग विरघळतो. म्हणून लोक डब्यात सिलिका जेल टाकतात आणि तिथेच चुकतात. फार कोरड्या हवेत त्याच्या आतलं पाणी निघून जातं आणि पांढरी भुकटी उरते. फॉइल लावून झाल्यावर रंगहीन नेलपॉलिशचे दोन हात द्या आणि नुसत्या घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवा. गाडीत, उन्हात तर मुळीच नको: 55 अंशांच्या पुढे तो स्वतःच्याच पाण्यात वितळू लागतो.