कोल्हापूरचे लायसन्स, पुण्यातला पत्ता: काम कोणत्या क्रमाने करावे

तुमचे लायसन्स कोल्हापूरचे, म्हणजे एमएच ०९ ने सुरू होणारे आहे आणि नोकरीसाठी तुम्ही पुण्यात भाड्याच्या घरात राहायला आला आहात. पत्ता बदलण्यासाठी कोल्हापूरला जावे लागेल का, तिथल्या कार्यालयाचे ना-हरकत प्रमाणपत्र लागेल का, तीस दिवसांत बदल न केल्यास दंड होतो हे खरे का, आणि अडीच हजार रुपये मागणाऱ्या एजंटाकडे काम सोपवावे का, असे तुमचे प्रश्न आहेत. मी २०२२ मध्ये सोलापूरहून पुण्यात आले तेव्हा हे काम स्वतः केले, त्यानंतर घरातल्या दोघांचे अर्जही भरून दिले, म्हणून थोडे सविस्तर लिहिते.

आधी तीस दिवसांबद्दल, कारण धास्ती त्याचीच असते. मोटार वाहन कायदा, १९८८ च्या कलम १३ नुसार लायसन्स संपूर्ण भारतात चालते आणि त्यावरचा पत्ता जुना आहे एवढ्या कारणाने ते निरुपयोगी ठरत नाही. तुम्ही ऐकलेली तीस दिवसांची मुदत त्याच कायद्याच्या कलम ४९ मध्ये आहे, परंतु ते कलम वाहनाच्या मालकासाठी आहे. गाडी ज्याच्या नावावर आहे त्याने राहण्याचे ठिकाण बदलले, तर नवा पत्ता तीस दिवसांच्या आत नोंदणी प्राधिकरणाला कळवायचा असतो. लायसन्स माणसाचे असते आणि आरसी, म्हणजे नोंदणी प्रमाणपत्र, गाडीचे असते, हा भेद वर्षानुवर्षे गाडी चालवणाऱ्यांच्याही लक्षात राहत नाही. कॅमेऱ्याने टिपलेल्या ई-चलानाची सूचना जाते तीसुद्धा गाडीच्या नोंदीतल्या मोबाइल क्रमांकावर आणि पत्त्यावर. तेव्हा तुमच्या नावावर दुचाकी किंवा चारचाकी असेल, तर खरी घाई तिच्या कागदाची आहे.

मग लायसन्सवरचा पत्ता बदलावा तरी कशासाठी? माझ्या मते सर्वांत मोठे कारण बँक हे आहे. रिझर्व्ह बँकेच्या केवायसी नियमांत लायसन्स हा ओळखीचा आणि पत्त्याचा अधिकृत कागद मानला जातो, आणि त्यावर सध्याचा पत्ता नसेल तर वीजबिलासारखा दोन महिन्यांच्या आतला कागद जोडून तात्पुरते काम भागवता येते, पण तीन महिन्यांच्या आत सध्याच्या पत्त्याचा अधिकृत कागद द्यावाच लागतो. शिवाय पुढे परदेशी जाण्याचा प्रसंग आला, तर आंतरराष्ट्रीय वाहन परवाना तुम्ही जिथे राहता तिथल्या आरटीओकडे मागायचा असतो आणि त्या वेळी घाईघाईने पत्ता बदलत बसणे फार त्रासाचे होते. तुम्ही अकरा महिन्यांच्या करारावर असाल आणि लवकरच दुसऱ्या भागात घर घेणार असाल, तर लायसन्ससाठी थांबलात तरी बिघडत नाही. दोन-तीन वर्षे तिथेच राहायचे ठरले असेल, तर मात्र आताच करून टाका.

या कामात जी अडचण येते ती बहुतेक वेळा आरटीओची नसून पुराव्याच्या कागदाची असते, म्हणून पहिले पाऊल लायसन्सचे नाही, आधारचे आहे. मार्च २०२१ मध्ये केंद्र सरकारने अठरा सेवा आधार पडताळणीच्या आधारे कार्यालयात न जाता मिळतील अशी व्यवस्था केली, त्यात लायसन्सवरील पत्ता बदलणे ही सेवा होती, आणि सप्टेंबर २०२२ मध्ये अशा सेवांची संख्या ५८ झाली. या मार्गाने अर्ज केल्यास पत्ता आधारच्या नोंदीतून घेतला जातो. आधारवर कोल्हापूरचा पत्ता ठेवून लायसन्सवर पुण्याचा पत्ता मागितलात, तर हा सोपा मार्ग तुमच्यासाठी बंद होतो आणि मूळ कागद घेऊन कार्यालयात जावे लागते.

आधारवरील पत्ता बदलण्यासाठी भाडेकरूला सर्वांत उपयोगी पडतो तो नोंदणीकृत भाडेकरार, ज्याला आपल्याकडे लीव्ह अँड लायसन्स म्हणतात. पाचशेच्या स्टँपपेपरवर नोटरी करून दिलेला कागद पुरेल, असे घरमालक सांगतात. कृपया ते मान्य करू नका. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम ५५ नुसार हा करार लेखी असला पाहिजे आणि त्याची नोंदणी झाली पाहिजे, आणि ती करून घेण्याची जबाबदारी घरमालकावर आहे. ही नोंदणी आता ऑनलाइन होते. तुमच्या पत्नीचे किंवा आई-वडिलांचे नाव करारात नसेल, तर जानेवारी २०२३ पासून कुटुंबप्रमुखाच्या संमतीने त्यांच्या आधारवरचा पत्ता बदलण्याची सोय आहे. कुटुंबप्रमुखाने आपल्या आधार खात्यातून तीस दिवसांच्या आत संमती द्यायची असते, नाहीतर विनंती आपोआप बंद होते.

आधारवर पत्ता कसा लिहिला जातो याकडे मी तुमचे विशेष लक्ष वेधते, कारण माझ्या यजमानांच्या बाबतीत नेमके इथेच अडले. आमच्या सोसायटीत पाच विंग आहेत आणि त्यांच्या आधारवर विंगचे अक्षर लिहायचे राहून गेले होते. लायसन्सचे कार्ड टपालाने घरी येते. ते आले, घर सापडले नाही आणि परत गेले. पुढे ते मिळवण्यासाठी दोन सकाळी मोडाव्या लागल्या. सदनिका क्रमांक, विंग, इमारतीचे नाव, रस्ता, जवळची ओळखीची खूण आणि पिनकोड हे सगळे पोस्टमनला जसे लागते तसे आधारवर आधी उतरवून घ्या. तोच मजकूर पुढे लायसन्सवर येणार आहे.

आधार नीट झाला की परिवहन पोर्टलवर जा. तिथे लायसन्सच्या कामांसाठी ‘सारथी’ आणि गाडीच्या कामांसाठी ‘वाहन’ असे दोन विभाग आहेत. सारथीमध्ये राज्य महाराष्ट्र निवडायचे, लायसन्सविषयक सेवा निवडायच्या, लायसन्स क्रमांक आणि जन्मतारीख भरायची. तुमची नोंद समोर येते. मग नव्या पत्त्यानुसार कार्यालय निवडायचे. पुणे शहरासाठी एमएच १२ आणि पिंपरी-चिंचवडसाठी एमएच १४ अशी दोन वेगळी कार्यालये आहेत, आणि हिंजवडी-वाकडकडे राहणारे पुष्कळ जण पत्त्यात ‘पुणे’ आहे म्हणून एमएच १२ निवडून बसतात. तुमचा पिनकोड कोणत्या हद्दीत येतो ते पाहूनच निवडा. अर्जात सध्याचा पत्ता आणि कायमचा पत्ता अशा दोन स्वतंत्र जागा असतात. कोल्हापूरचे घर तुमचे स्वतःचे असेल, तर कायमचा पत्ता म्हणून ते राहू देण्यात काही गैर नाही.

कोल्हापूरला जाण्याची गरज नाही. लायसन्सच्या नोंदी आता देशपातळीवरील एकाच नोंदवहीत आहेत, २०१९ च्या दुरुस्तीने कायद्यात तिच्यासाठी कलम २५-क घातले गेले, आणि नव्या ठिकाणचे कार्यालय तुमची जुनी नोंद थेट पाहू शकते. त्यामुळे राज्यातल्या राज्यात ना-हरकत प्रमाणपत्रासाठी धावण्याचे दिवस गेले. लायसन्स क्रमांकही बदलत नाही. पत्ता पुण्याचा झाला तरी क्रमांक एमएच ०९ नेच सुरू होईल, कारण त्यातील पहिली अक्षरे आणि आकडे लायसन्स प्रथम कुठे मिळाले ते सांगतात, पुढचे चार आकडे वर्ष सांगतात आणि उरलेले सात तुमचा अनुक्रमांक. एकच अपवाद ध्यानात ठेवा. लायसन्स जुन्या पुस्तकाच्या स्वरूपातले असेल आणि संकेतस्थळावर नोंदच दिसत नसेल, तर ते ज्या कार्यालयाने दिले त्यालाच ती जुनी नोंद संगणकात चढवावी लागते. याला तिथे ‘बॅकलॉग’ म्हणतात. तसे असेल तर मात्र कोल्हापूरच्या कार्यालयाशी संपर्क साधल्यावाचून पुढे सरकता येणार नाही.

आधार पडताळणीत दुसरी अडचण नावाची असते, आणि ती मी स्वतः अनुभवली. लायसन्स मी लग्नाआधी काढले होते. त्यावर माहेरचे नाव, आणि तेही आडनाव आधी अशा आपल्या जुन्या पद्धतीने. आधारवर मात्र सासरचे नाव, पहिले नाव आधी. दोन्ही नोंदी जुळल्या नाहीत आणि ऑनलाइन मार्ग पुढे जाईना. तेव्हा मी कार्यालयात जाण्याचा पर्याय निवडला, एकाच अर्जात पत्ता बदलणे आणि नाव बदलणे अशा दोन सेवा घेतल्या, विवाह नोंदणी प्रमाणपत्र जोडले आणि दिलेल्या वेळेला मूळ कागद घेऊन गेले. तिथे छायाचित्र व स्वाक्षरी नव्याने घेतली गेली आणि काम त्याच दिवशी मार्गी लागले. तुमचे नाव दोन्हीकडे अक्षरशः सारखे आहे का, हे अर्जाआधी पाहून घ्या. एखादे अक्षर इकडेतिकडे असणेही अडवू शकते.

पैशांचे म्हणाल, तर केंद्रीय मोटार वाहन नियमांतील नियम ३२ नुसार लायसन्सवरील पत्ता बदलण्याचे शुल्क २०० रुपये आहे. त्यात कार्डाचा आणि टपालाचा खर्च मिळवला जातो आणि भरायची एकूण रक्कम अर्जाच्या शेवटच्या पानावर स्पष्ट दिसते. तिच्या शेजारी अडीच हजार ठेवून पाहा. एजंट तुमच्यासाठी जे करणार आहे ते म्हणजे हाच अर्ज भरणे, आणि ओटीपी तर तुमच्याच मोबाइलवर येणार आहे. आधारचा ओटीपी परक्या माणसाला वाचून दाखवणे मला अडीच हजारांपेक्षाही महाग वाटते. शिवाय एजंट पुष्कळदा संपर्कासाठी स्वतःचा मोबाइल क्रमांक घालतो आणि मग तुमच्या लायसन्सविषयीचे संदेश कायम त्याच्याकडे जात राहतात. ज्येष्ठ माणसांना संगणक जमत नसेल, तर घरातल्या कुणीतरी शेजारी बसून त्यांच्यासमोर अर्ज भरावा. परिवहनचे खरे संकेतस्थळ सरकारी, म्हणजे जीओव्ही डॉट इन ने संपणारे असते. आरटीओच्या नावाने व्हॉट्सॲपवर आलेली एपीके, म्हणजे मोबाइलमध्ये ॲप बसवणारी, फाइल कधीही उघडू नका.

अर्ज मंजूर झाला आणि कार्ड टपालात असेल, त्या काळात गाडी चालवण्याची चिंता नको. केंद्रीय मोटार वाहन नियमांतील नियम १३९ मध्ये २०१८ साली झालेल्या बदलानंतर लायसन्स आणि आरसी इलेक्ट्रॉनिक स्वरूपात दाखवता येतात. डिजिलॉकर किंवा एम-परिवहन या सरकारी ॲपमधले लायसन्स वाहतूक पोलिसांनी ग्राह्य धरायचे असते. फक्त डिजिलॉकरमध्ये आधी उतरवलेली प्रत तशीच राहते, म्हणून मंजुरीनंतर ती नव्याने मागवून घ्या, म्हणजे नवा पत्ता दिसेल.

पुढे गाडीचे. तिच्या नोंदीतला पत्ता ‘वाहन’ विभागातून, नमुना ३३ भरून बदलतो. गाडीवर कर्ज असेल तर कर्ज देणाऱ्या बँकेची किंवा वित्तसंस्थेची संमती लागते आणि ती मिळायला वेळ लागतो, म्हणून बँकेला आजच कळवा. विमा आणि पीयूसी चालू असल्याचेही पाहा.

आणखी एक गोष्ट, जी कुणी आपणहून सांगत नाही. अर्ज भरण्याआधी लायसन्सची मुदत कधी संपते ते पाहा. मुदत संपण्याच्या आधी एक वर्षापासून नूतनीकरणाचा अर्ज करता येतो, आणि मुदत संपून एक वर्ष उलटले तर चाचणी पुन्हा द्यावी लागते. तुमची मुदत येत्या वर्षभरात संपत असेल, तर नूतनीकरण आणि पत्ताबदल एकाच अर्जात करा. कार्ड एकदाच छापले जाईल. वय चाळीसच्या पुढे असेल तर नूतनीकरणासाठी डॉक्टरांचे नमुना १-क मधील प्रमाणपत्र जोडावे लागते. नुसत्या पत्ताबदलासाठी ते लागत नाही.

भाडेकराराची नोंदणी अजून झाली नसेल, तर या आठवड्यात घरमालकांशी त्याबद्दल बोला आणि कराराच्या मसुद्यात विंग व सदनिका क्रमांक लिहिला आहे का ते सही करण्याआधी वाचून घ्या.