पदं कोणाची, पाठ कुठला?

प्रश्न : ‘एकच प्याला’वर प्रबंधिका लिहिते आहे. नायिका सिंधूच्या पदांवरून नाटककार राम गणेश गडकऱ्यांची काव्यदृष्टी उलगडणारं प्रकरण मार्गदर्शकांनी परत केलं. काय चुकलं?
– एम. ए.ची विद्यार्थिनी, सदाशिव पेठ

उत्तर : ‘कशि या त्यजू पदाला’ आणि ‘प्रभु अजि गमला’ ही पदं वि. सी. गुर्जरांची आहेत. गडकरी आजारी होते, म्हणून पदरचनेचं काम गुर्जरांकडे गेलं. २३ जानेवारी १९१९ला गडकरी वारले आणि फेब्रुवारीत गंधर्व नाटक मंडळीने बडोद्याला नाटक रंगभूमीवर आणलं. तेव्हा पदांचा विचार प्रयोगाच्या प्रकरणात, बालगंधर्वांच्या सिंधूबरोबर करा.

गडकऱ्यांची लेखणी गद्यात शोधा. वकिलीची सनद तहकूब झाल्यावर सिंधूचा नवरा सुधाकर पहिला प्याला घेतो, तो प्रवेश निवडा. प्याला पुढे करणाऱ्या तळीरामाची वाक्यं एका रंगाने, सुधाकराची दुसऱ्या रंगाने अधोरेखित करा. पुढे प्रत्येक वाक्यासमोर लिहा : याने प्रसंग सरकतो, की नुसती कोटी वा अलंकार होतो? दारूचं कारण तळीराम की दुखावलेला अहंकार, हा जुना वाद मग शेऱ्यांवर न राहता संहितेवर येतो. (‘भाषावैभव’ हा शब्द तेवढा प्रबंधिकेतून काढून टाका, त्याने काहीच सिद्ध होत नाही.)

संदर्भ अंक-प्रवेशाने द्या, नुसत्या पृष्ठांकाने नको. आवृत्तीगणिक पानं बदलतात. साहित्य परिषदेच्या किंवा नगर वाचन मंदिराच्या ग्रंथालयात वेगळी आवृत्ती मिळाली, तर उद्धृतं तिच्याशी ताडून घ्या.

प्रश्न : ‘निबंधमाले’त चिपळूणकरांनी लोकहितवादींवर केलेली टीका न्याय्य आहे का, हे ठरवायचं कसं?
– निवृत्त शिक्षक, कोथरूड

उत्तर : दोन्ही पाठ शेजारी ठेवून. ‘माला’ १८७४ ते १८८१, अंक ८४. लोकहितवादींची शतपत्रं, म्हणजे समाजसुधारणेवरची पत्रं, त्याआधी, १८४८पासून ‘प्रभाकर’ साप्ताहिकात आली. एवढ्या वर्षांत वाचकवर्ग आणि मराठी गद्य दोन्ही बदललं होतं. वहीत तीन रकाने आखा : लोकहितवादींचं मूळ वाक्य, चिपळूणकरांनी दिलेलं त्याचं रूप, आणि त्यांचा शेरा. मधल्या रकान्यात काटछाट दिसली तर खूण करा. मग शेरा मुद्द्याला लागतो, की भाषेला आणि लिहिणाऱ्याला, ते नोंदवा. उपहास झणझणीत असला की वाचक हसतो आणि मूळ पत्र उघडायचंच विसरतो. बहुतेक लेख तिथेच फसतात.

प्रश्न : ‘संशयकल्लोळ’ मोलिएरचं भाषांतर म्हणावं का?
– नाट्यवाचक, नारायण पेठ

उत्तर : नाही. देवलांनी आर्थर मर्फीच्या इंग्रजी नाटकाचं रूपांतर केलं. मर्फीचं नाटक फ्रेंच नाटककार मोलिएरवर आधारलेलं. मुख्य तुलना मर्फीशीच करा. शिवाय देवलांच्या रूपांतराचं पहिलं रूप, १८९३चं ‘फाल्गुनराव’, गद्य होतं, संगीत रूप १९१६चं. पदांवरून १८९३च्या रूपांतराबद्दल काहीच म्हणता येणार नाही.