लायसन्स नसताना स्वतःच्या नावावर कार घेता येते का?

येते, ताई. मी घेतलीय, २०१९ च्या दसऱ्याला, इथेच नाशकात. लायसन्स माझ्याकडे तेव्हाही नव्हतं, आजही नाही.

तुम्ही लिहिलंय की वडिलांना आठवड्यातून दोनदा डायलिसिसला न्यावं लागतं, रिक्षात त्यांचे हाल होतात. चालवायला धाकटा भाऊ आहे, पण पैसे आणि कर्ज तुमचं, म्हणून गाडीही तुमच्या नावावर हवी. शोरूमवाला मात्र "लायसन्स लागेल" म्हणतोय. तो बहुतेक टेस्ट ड्राइव्हचं बोलत असेल. त्याला लायसन्स लागतंच. नोंदणीला लागत नाही. १९८८ च्या मोटार वाहन कायद्यात चालवणं कलम ३ मध्ये आहे आणि नोंदणी कलम ३९ मध्ये. मालकाला गाडी चालवता आलीच पाहिजे असं कुठेही म्हटलेलं नाही. आधार, पॅन, पत्त्याचा पुरावा, विमा, आणि रोड टॅक्स (दहा लाखांच्या आतल्या पेट्रोल गाडीला आपल्याकडे ११ टक्के), एवढ्यावर काम होतं. मला तर पेठ रोडच्या आरटीओची पायरीसुद्धा चढावी लागली नाही, सगळं शोरूमनेच केलं. नोंदणी करतानाच वारसदाराचं नाव घालता येतं, ते घाला.

मला लहानपणापासून फिट्स येतात. लायसन्सच्या फॉर्म १ मध्ये पहिलाच प्रश्न त्याचा आहे. गोळ्या चालू आहेत, बरीच वर्षं फिट आलेली नाही, तरी मी स्टिअरिंगला हात लावत नाही. रस्त्यावर लोकांची पोरं असतात. गाडी बायको चालवते. डिलिव्हरीच्या दिवशी फोटोसाठी पुठ्ठ्याची भली मोठी किल्ली आणली होती. मी ती बायकोच्या हातात दिली, तर सेल्समनने तिच्याकडून काढून परत मला दिली. "साहेब, ओनर तुम्ही!" मग ओनर डावीकडे जाऊन बसला आणि बायकोने लिंबांवरून गाडी बाहेर काढली.

कागद सोपे आहेत. डोकं विम्यात घाला.

शोरूममध्ये जी पॉलिसी पुढे करतात त्यात मालक-चालकाचा १५ लाखांचा अपघात विमा जोडलेला असतो. तो मिळायला मालकाकडे वैध लायसन्स असावं लागतं. तुमच्याकडे नाही, म्हणजे ते कव्हर तुमच्यासाठी नाही आणि त्याची सक्तीही नाही. मी सांगितल्यावर काउंटरवरच्या मुलीने आधी "सर, कम्पल्सरी आहे" केलं, मग आत जाऊन विचारून आली आणि ती ओळ काढली. ते पैसे स्वतःच्या वेगळ्या अपघात पॉलिसीत घाला, आणि गाडीत बसणाऱ्यांचं कव्हर घ्या. वडील दर आठवड्याला त्यात बसणार आहेत. कधी पगारी ड्रायव्हर ठेवलात तर त्याच्यासाठीचं कव्हर ५० रुपयांत जोडून मिळतं, ते सोडू नका.

आणि भावाचं लायसन्स हातात घेऊन तारीख बघा. आम्ही बघितली नाही. बायको मुलीच्या बाळंतपणाला पुण्याला गेली होती, महिनाभर उभी राहून गाडीची बॅटरी बसली. मेहुणा म्हणाला, बॅटरी बदलून आणतो. आणली, आणि येताना इथल्याच द्वारका चौकात एका टेम्पोला मागून ठोकली. कुणाला लागलं नाही. बंपर, डावा हेडलाइट, रेडिएटर, बिल ३८ हजारांचं. विमा कंपनीच्या सर्व्हेअरने गाडीकडे बघायच्या आधी ड्रायव्हरचं लायसन्स मागितलं. ते संपून चार महिने झाले होते, आणि त्याला पत्ताच नव्हता. क्लेम गेला. मी कंपनीशी दोन महिने भांडलो, पण खरं सांगायचं तर चूक आमचीच होती. टेम्पोऐवजी माणूस असता तर? त्याला भरपाई कंपनी देते आणि मग मालकाकडून वसूल करते. म्हणजे माझ्याकडून. शिवाय लायसन्स नसलेल्याला गाडी दिली म्हणून मालकाला दंड असतो तो वेगळाच, कलम १८० खाली ५,००० रुपये. आता कुणीही किल्ली मागितली की मी आधी परिवहनच्या वेबसाइटवर लायसन्स नंबर आणि जन्मतारीख टाकून बघतो. मेहुण्याला राग येतो. येऊ दे.

चलानही मालकाच्या नावानेच फाटतं. मुंबई नाक्याला सिग्नल बायको तोडते, मेसेज मला येतो.

बाकी त्रास म्हणाल तर किरकोळ. सोसायटीत कुणीतरी बेल वाजवून "काका, गाडी जरा पुढे घ्या ना" म्हणतं. गाडी माझी, किल्ली माझ्या खिशात, आणि मी सांगतो, "बायको साडेसहाला येईल." पहिलं वर्षभर लाज वाटायची. वॉचमनला किल्ली द्यायचा मोह फार होतो, त्याचंही लायसन्स विचारा.

टेस्ट ड्राइव्ह भावाला घेऊ दे, पण वडिलांना शोरूमला घेऊन जा. त्यांना पुढच्या डाव्या सीटवर बसवा आणि एकट्याने उतरून दाखवायला सांगा. माझ्या आईला आमच्या गाडीतून उतरताना दोन्ही हात धरून ओढावं लागतं, सीट फार खाली आहे. डायलिसिसहून थकून आलेल्या माणसाला ते जमायचं नाही. मायलेज, रंग, टचस्क्रीन नंतर बघा.